शंभर मीटरच्या पलीकडचं वसतिगृह

ज्या वर्षी मी अकरावीला कॉम्प्युटर नेटवर्कचा धडा पहिल्यांदा शिकवला, त्या वर्षापर्यंत मी स्वतः स्विच नावाची वस्तू पाहिलेली नव्हती. मी मूळची गणिताची. सालेकसा तालुक्यातल्या आमच्या शाळेत कॉम्प्युटरच्या शिक्षकाची जागा रिकामी होती. मुख्याध्यापक म्हणाले, "गणित आणि कॉम्प्युटर जवळजवळ एकच आहे, तुम्हीच घ्या." मी घेतला. फळ्यावर जोडणीच्या तीन आकृत्या काढल्या, हब म्हणजे काय, स्विच म्हणजे काय, राउटर म्हणजे काय हे पुस्तकातून वाचून दाखवलं आणि मुलांनी ते वहीत उतरवून घेतलं.

तिसऱ्या दिवशी पहिल्या बाकावरच्या एका मुलीनं हात वर केला.

"मॅडम, स्विच दिसते कसा? तुम्ही पाहिला का?"

ही मुलगी शाळेच्याच आवारातल्या मुलींच्या वसतिगृहात राहायची. गाव कचारगडच्या बाजूला, आत जंगलात. घरी गोंडी बोलणारी, वर्गात फारसं न बोलणारी. तिनं तोंड उघडलं म्हणजे प्रश्न खरोखरच पडलेला असणार.

"नाही पाहिला," मी म्हटलं.

वर्गात कोणी हसलं नाही. ती जरा विचार करून म्हणाली, "मंग आणा न एक."

त्या दिवशी मला दुसरं काही सुचेना. आमच्या लॅबमध्ये आठ कॉम्प्युटर होते, पण आठही एकएकटे. एकावरची फाइल दुसऱ्यावर न्यायची तर पेनड्राइव्ह घेऊन उठावं लागायचं. फायबरचं इंटरनेट शाळेत आलेलं होतं, पण ते ऑफिसमधल्या राउटरपाशीच थांबलेलं. आणि वसतिगृहात दोन कॉम्प्युटर कोपऱ्यात चादर पांघरून बसलेले. लॅब पाचला बंद व्हायची. त्यानंतर वसतिगृहाच्या मुलींना बाहेर यायची परवानगी नव्हती. प्रवेशपरीक्षांच्या ऑनलाइन सराव चाचण्या गावातली मुलं घरी मोबाइलवर सोडवायची. वसतिगृहात मुलींना मोबाइल ठेवता येत नसे, त्यामुळे सकाळी वर्गात त्यांना चर्चा तेवढी ऐकायला मिळायची.

मी मुख्याध्यापकांकडे गेले आणि म्हटलं, की सगळं एकमेकांना जोडायचंय, थेट वसतिगृहापर्यंत. त्यांनी चष्मा काढला. "तुम्हाला येतं?" "नाही. पण पुस्तकात आहे." त्यांनी सादिलातून, म्हणजे शाळेच्या किरकोळ खर्चाच्या पैशांतून, सामान आणायला परवानगी दिली, याचं मला अजूनही नवल वाटतं.

शनिवारी गोंदियाला गेले. बाजारातल्या कॉम्प्युटरच्या दुकानात मी यादी वाचायला लागले, तर दुकानदार मध्येच म्हणाला, "मॅडम, पहले ये बताओ, तार कितना लंबा खींचोगे?"

"स्कूल के अंदर ही है."

"अंदर हो या बाहर, एक तार सौ मीटर से ऊपर मत खींचना. बाकी जो करना है करो."

मी मान डोलावली आणि ते वाक्य तिथंच विसरले, कारण तेवढ्यात त्यानं काउंटरवर दोन स्विच ठेवले होते. जेवणाच्या चपट्या डब्याएवढी निळी पेटी, एका बाजूला सोळा चौकोनी भोकं आणि प्रत्येक भोकावर एक इवलासा दिवा. मी तो हातात घेऊन उलटासुलटा करत राहिले. परतीच्या बसमध्ये निळ्या केबलचं खोकं पायाशी आणि दोन्ही स्विच मांडीवर. सालेकसा येईपर्यंत मी दोनदा पिशवी उघडून पाहिली.

केबल ओढायला माणूस कोण, हा प्रश्न मुख्याध्यापकांनी सोडवला. शाळेच्या मागेच एक निवृत्त लाइनमन काका राहायचे. सारी नोकरी टेलिफोनच्या खांबांवर चढण्यात गेलेली, आता घरचं धान पाहायचे. ते सोमवारी आले, केबलचं टोक बोटांत धरलं, वरचं निळं कातडं सोललं आणि आतल्या रंगीत तारा मोजल्या.

"आठ? टेलिफोनले दोन पुरत होत्या, बाई. अठी आठ कायले?"

मी सांगितलं, की या चार जोड्या आहेत. माहिती नेण्या-आणण्यासाठी सगळ्या लागतात, आणि एका जोडीची कुजबुज दुसरीत मिसळू नये म्हणून प्रत्येक जोडीला पीळ दिलेला असतो.

"पिळाचं मले माहीत आहे," ते म्हणाले. "पीळ उकलला का दुसऱ्याचं बोलणं आपल्या फोनात येते."

पुस्तकात त्याला अर्धं पान लागलं होतं.

तारेच्या टोकाला पारदर्शक प्लास्टिकचा कनेक्टर बसवायचा असतो. आठ तारा ठरलेल्या क्रमानं त्यात सरकवायच्या आणि पकडीसारख्या क्रिंपरनं दाबायचं. पांढरी-नारंगी, नारंगी, पांढरी-हिरवी, निळी, पांढरी-निळी, हिरवी, पांढरी-तपकिरी, तपकिरी. मदतीला आलेल्या वसतिगृहाच्या मुलींनी हा क्रम दोन दिवसांत पाठ केला. काका मात्र हिरव्यापाशी अडले.

"बाकी जोड्या जवळजवळ आहेत. हिरव्याचीच जोडी काऊन फोडली? मधात निळी काऊन घुसवली?"

मला माहीत नव्हतं. घरी जाऊन शोधलं, आणि दुसऱ्या दिवशी अक्षरशः धावत शाळेत आले. "काका, मधल्या दोन जागा टेलिफोनच्या जोडीसाठी राखून ठेवल्या होत्या. ही पद्धत ठरली तेव्हा टेलिफोन आधीपासून तिथं होता, म्हणून बाकीच्या तारांना त्याच्या भोवतीनं बसावं लागलं."

काकांनी कनेक्टर उजेडाकडे धरला आणि मधल्या दोन निळ्या तारा बराच वेळ पाहिल्या. मग म्हणाले, "म्हंजे आमची जागा ठेवली." त्या दिवसापासून ते रोज न बोलावता येऊ लागले.

आमचे पहिले चार कनेक्टर वाया गेले. टेस्टर म्हणजे दोन छोट्या डब्या, तारेच्या दोन टोकांना लावायच्या. सगळं बरोबर असेल तर दोन्हीकडे एक ते आठ दिवे ओळीनं लागत जातात. आमचे कधी तिसऱ्यानंतर सहावा, कधी सातवा लागतच नाही. पाचव्या खेपेला एकापासून आठापर्यंत दोन्ही डब्यांवरचे दिवे न चुकता लागत गेले. मुली टेस्टरवर इतक्या वाकल्या होत्या, की काकांना स्वतःचं काम दिसेना.

लॅबमधले आठ कॉम्प्युटर आणि ऑफिसचा राउटर स्विचला जोडायला बुधवार उजाडला. दिवे लागले, पण नुसत्या तारेनं भागत नाही, हे मला पुस्तकातून ठाऊक होतं. प्रत्येक कॉम्प्युटरला पत्ता लागतो. मी आधी राउटरचा क्रमांक पाहून घेतला, मग कॉम्प्युटरना एकशे ब्याण्णव, एकशे अडुसष्ट, एक आणि शेवटी अकरा ते अठरा असे आकडे दिले. त्या पहिल्या बाकावरच्या मुलीला अकरा क्रमांकावर बसवलं. तिनं काळ्या खिडकीत पिंग लिहून शेजारी अठराचा पत्ता टाकला आणि एंटर दाबलं. पिंग म्हणजे दुसऱ्या कॉम्प्युटरला नुसती हाक मारणं.

पहिल्यांदा काहीच आलं नाही. मग लक्षात आलं, की प्रत्येक कॉम्प्युटरमध्ये फायरवॉल नावाचा राखणदार असतो आणि तो अनोळखी हाकेला उत्तर देऊ देत नाही. त्याला परवानगी दिली. पुन्हा एंटर. 'रिप्लाय' असं लिहिलेल्या चार ओळी एकाखाली एक उमटल्या.

"अठरा बोलला," ती म्हणाली. एवढंच. पण तिचे कान लाल झाले होते. मग अर्धा तास लॅबमध्ये कोण कुणाला हाक मारतंय याचा पत्ता लागेना. मी थांबवलं नाही. मीही बारा क्रमांकावर बसून सतराला हाका मारत होते.

आता वसतिगृह. काकांनी टेप लावला. लॅबच्या खिडकीपासून वसतिगृहाच्या अभ्यासखोलीपर्यंत, भिंतींच्या कडेनं, एकशे चाळीस मीटर. दुकानदाराचं वाक्य मला तेव्हा आठवलं, पण मला धीर नव्हता. मुली दारात उभ्या होत्या. मी म्हटलं, एकदा टाकून तर बघू.

टाकली. दिवा लागला, विझला, पुन्हा लागला. पिंग केलं तर एक उत्तर आलं आणि तीनदा 'वेळ संपली' असं दाखवलं. काका खिडकीतून वाकून पाहत होते. "खोल हिरीतून आवाज येऊन राहिला, बाई. आमच्या लाइनीत असं झालं का मधात यंत्र बसवत होते. आवाज उचलून पुढं देणारं."

दुसरा स्विच होताच. तो मध्ये बसवला, की आलेला संदेश तो पुरता वाचून घेतो आणि पुढच्या तारेत नव्या दमानं सोडतो. शंभर मीटरची मोजणी तिथून पुन्हा सुरू होते. मध्यावर, सत्तर मीटरला, काय होतं? शाळेची पोषण आहाराची खोली.

तिथं स्वयंपाक करणाऱ्या मावशींनी माझं सगळं ऐकून घेतलं आणि भाताच्या गंजावरचं झाकण न काढताच म्हणाल्या, "नाही."

"मावशी, छोटासा डबा आहे."

"कोठी लावता? चुलीच्या वर? रोज वाफ लागन. आन् तांदळाच्या खोलीत लावान तं उंदीर. मंग बंद पडला का माह्यावर येन."

मी चुलीच्या वरचीच जागा हेरली होती, कारण प्लग तिथं होता. मावशी बोलल्या नसत्या तर महिन्याभरात स्विच वाफेनं मेला असता. काकांनी विचारलं, "मंग तुम्हीच सांगा, कोठी लावू?"

मावशींनी हात पुसले आणि आम्हाला तांदळाच्या खोलीत नेलं. दाराच्या वरची चौकट दाखवली. "अठी. भिंत गुळगुळीत आहे, उंदराले चढता येत नाही. तार लोखंडी नळीतून आणा." काकांनी तसंच केलं आणि चुलीवरच्या प्लगपासून विजेची तारही तिथवर ओढली. नंतर मावशींनी विचारलं, की हा डबा करतो काय. मी म्हटलं, "कोणत्या भोकापलीकडे कोण आहे हे लक्षात ठेवतो आणि ज्याचं त्याला देतो." त्या म्हणाल्या, "म्हंजे पंगतीत वाढल्यासारखं. कोन कोठी बसते समजलं का आवाज द्या लागत नाही." पुढच्या वर्षापासून मी हब आणि स्विचमधला फरक असाच सांगते. हब सगळ्या पंगतीला ओरडून सांगतो, स्विच पानापाशी जाऊन वाढतो.

शुक्रवारी दुपारी वसतिगृहातला दिवा लागला आणि या वेळी स्थिर राहिला. काकांनी टेस्टर लावून दोन्ही तुकडे तपासले आणि माझ्याकडे पाहिलं. "तार चोख आहे. आता पुढचं तुमचं."

मी पिंग केलं. उत्तर नाही. फायरवॉल बघितली, ती ठीक होती. पुन्हा केलं. नाही. वसतिगृहाच्या चाळीस मुली आणि त्यांच्या अधीक्षिका माझ्या पाठीमागे उभ्या होत्या. शेवटी पहिल्या बाकावरचीच ती मुलगी स्क्रीनवर बोट ठेवून म्हणाली, "मॅडम, आपल्या लॅबमधी तिसरा आकडा एक आहे. अठी शून्य आहे."

कोणी तरी पूर्वी या कॉम्प्युटरला पत्ता देऊन ठेवला होता, आणि त्यात तिसरा आकडा वेगळा होता. तार जोडलेली असली तरी पत्त्याच्या हिशोबानं तो दुसऱ्याच गावचा होता, म्हणून लॅबची हाक त्याला आपली वाटत नव्हती. आकडा बदलला. लॅबमधून चारही उत्तरं आली.

इंटरनेट मात्र उघडेना. आता मी घाबरले नाही, मला मजा यायला लागली होती. आतल्या आत बोलणं होतंय आणि बाहेर जाता येत नाही, म्हणजे बाहेरचं दार याला माहीत नाही. गेटवे लिहायची चौकट बघितली तर ती कोरी. तिथं राउटरचा पत्ता टाकला, खाली वेबसाइटच्या नावावरून क्रमांक शोधून देणाऱ्या सर्व्हरचा पत्ता टाकला, आणि सराव चाचणीचं पान हळूहळू वरून खाली उलगडलं. अधीक्षिका सर्वांत आधी खुर्ची ओढून बसल्या. "मी बघते आधी, काय काय उघडतं ते," असं म्हणून त्यांनी पाच मिनिटं कुणाला माउस दिला नाही.

तिथल्या दुसऱ्या कॉम्प्युटरलाही मधल्या स्विचमधून तशीच तार ओढली, आणि त्या संध्याकाळपासून सहा ते आठ अभ्यासखोलीत पाळ्या लागल्या. मुलींनी भिंतीवर एक कागद चिकटवला, दिवा गेला तर आधी काय पाहायचं, मग काय पाहायचं. आठवीतल्या लहान मुलींना कळावं म्हणून खाली तेच गोंडीतही लिहिलं.

सगळं तीन आठवडे उत्तम चाललं. मग एका सकाळी मी वर्गात असताना मावशी दारात आल्या. इतक्या घाईत मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं.

"मॅडम, तुमचा डबा पिसाळला. सारे दिवे एकदमच फडफडून राहिले."

त्याच मिनिटाला ऑफिसातून निरोप आला, इंटरनेट बंद. लॅबमधून दुसरा निरोप, एकही कॉम्प्युटर दुसऱ्याला ओळखत नाही. मी मावशींबरोबर निघाले. सोळातले जे जे दिवे चालू होते ते सगळे इतक्या वेगानं लुकलुकत होते, की जळतच आहेत असं वाटावं.

"मावशी, याला कोणी हात लावला का?"

"मी लावला. झाडताना एक तार लोंबत होती. उंदरानं कुरतडली असती म्हणून उचलून खोचली."

"कुठं?"

"त्याच्यातच. भोक रिकामं होतं न."

ती तार मीच ठेवली होती, कधी तपासायला लागली तर असावी म्हणून. एक टोक स्विचमध्ये आणि दुसरं लोंबतं. मावशींनी दुसरंही त्याच स्विचमध्ये घातलं होतं. मी ते टोक ओढलं आणि एका क्षणात दिवे शांत झाले. ऑफिसातून कोणी तरी ओरडलं, आलं, आलं.

मावशी भिंतीला टेकून उभ्या होत्या. "फुटला का?"

"काही फुटलं नाही. चूक माझी आहे, तार मी लोंबत ठेवली." आणि मग मी जे म्हणाले त्यानं त्यांना मी वेडी वाटले असणार. मी म्हटलं, "मावशी, तुम्ही हे पुन्हा करून दाखवाल का? वर्गासमोर."

कारण हे पुस्तकात होतं. एका ओळीत, आणि मी ती ओळ शिकवताना गाळली होती, कारण मला स्वतःला ती समजली नव्हती. कॉम्प्युटर अधूनमधून सगळ्यांना उद्देशून विचारतो, अमुक पत्ता कुणाचा. स्विच तो प्रश्न सगळ्या भोकांतून पुढे सोडतो. दोन भोकं एकाच तारेनं जोडली असतील तर इकडून सोडलेला प्रश्न तिकडून परत आत येतो, पुन्हा सगळीकडे जातो, पुन्हा येतो. थांबतच नाही. त्या गर्दीत कामाच्या संदेशाला वाट मिळत नाही. माझ्या डोळ्यांसमोर ते घडलं होतं आणि मला दुपारपर्यंत धीर निघत नव्हता.

ऑफिसात आधी सांगून ठेवलं, लॅबचा स्विच टेबलावर घेतला, वर्ग भोवती उभा केला. एका कॉम्प्युटरवर पिंग सतत चालू ठेवलं, रिप्लायच्या ओळी पडत होत्या. मावशी हाताची घडी घालून उभ्या होत्या. मी तार दिली. त्यांनी एकदा माझ्याकडे पाहिलं आणि दुसरं टोक शेजारच्या भोकात खोचलं. दिवे फडफडले, ओळी अडखळल्या आणि थांबल्या. "आता काढा." त्यांनी काढलं. ओळी पुन्हा पडायला लागल्या.

"अजून एकदा," मागून काका म्हणाले.

मावशींनी तीनदा करून दाखवलं. तिसऱ्या वेळी त्या मुलांकडे बघून म्हणाल्या, "पाहून घ्या, रिकामं भोक दिसलं का बोट घालू नका." त्या वर्षी परीक्षेत या प्रश्नाला बहुतेक सगळ्यांनी उत्तर लिहिलं.

पहिल्या बाकावरची ती मुलगी बारावीनंतर डिप्लोमाला गेली. प्रवेशपरीक्षेच्या साऱ्या सराव चाचण्या तिनं वसतिगृहातच, सहा ते आठमध्ये सोडवल्या होत्या. सुट्टीत आली की आधी मावशींकडे जाते, मग माझ्याकडे.

काका मात्र शाळेतून गेलेच नाहीत. धानाची कामं नसली की अकरावीच्या तासाला शेवटच्या बाकावर वही घेऊन बसतात. मागच्या महिन्यात मी पत्त्याखालची दुसरी ओळ शिकवत होते, दोनशे पंचावन्न, दोनशे पंचावन्न, दोनशे पंचावन्न, शून्य. कोणते कॉम्प्युटर आपल्याच नेटवर्कमधले, हे त्या ओळीवरून कळतं. काका मागून म्हणाले, "दोनशे पंचावन्नच काऊन, बाई? तीनशे काऊन नाही?"

ही माझी जागा होती, गणिताची. मी सगळ्यांना अंगठे मिटून उरलेली आठ बोटं पुढं धरायला लावली. उजव्या हाताच्या करंगळीपासून प्रत्येक बोटाची किंमत आधीच्या दुप्पट. एक, दोन, चार, आठ. मग डाव्या हातावर तर्जनीपासून करंगळीपर्यंत सोळा, बत्तीस, चौसष्ट, एकशे अठ्ठावीस. बोट उभं असेल तर मोजायचं, मिटलं असेल तर सोडायचं. कॉम्प्युटर पत्त्यातला प्रत्येक आकडा अशा आठ बोटांत मावेल एवढाच ठेवतो.

काकांनी एकेक बोट उभं करत मोठ्यानं बेरीज केली. सगळी बोटं उभी झाली तेव्हा दोनशे पंचावन्न आले. त्यांनी पुन्हा मोजलं, तेवढेच आले.

"याच्यावर बोटच नाही," ते म्हणाले. "आता तुम्ही आकडा सांगा, मी बोटं काढतो."

मी एकशे ब्याण्णव म्हटलं. त्यांनी थोडा वेळ ओठ हलवले, डाव्या हाताची शेवटची दोन बोटं उभी केली, आणि उठून पुढच्या बाकांवरच्या पोरींची बोटं तपासायला लागले.